पेटीवालीने लावलेला जॅझ पियानोचा क्लास: अकरा महिन्यांनंतरचा रिव्ह्यू (एरंडवणे, पुणे)

आधीच सांगते, सरांचं नाव, नंबर, बिल्डिंग यातलं काहीही इथे मिळणार नाही. 'लिहायचं ते लिहा, वाईटही लिहा, पण नाव टाकू नका, माझ्याकडे दोनच खोल्या आहेत' असं त्यांनी स्वच्छ सांगितलंय. मग रिव्ह्यू कशाला, तर गेल्या महिन्याभरात भजनी मंडळातल्या दोघींनी, ऑफिसातल्या एकाने आणि माझ्या नणदेने सेम प्रश्न विचारले, की या वयात पियानो जमतो का, किती पैसे जातात, आणि जॅझमध्ये नेमकं शिकवतात काय, ते लोक तर मनाला येईल ते वाजवतात ना? हे शेवटचं वाक्य अकरा महिन्यांपूर्वी मी स्वतः म्हणत होते, म्हणून एकदाच सगळं लिहून काढतेय. लांबेल, चहा घेऊन बसा.

माझं थोडक्यात. वय ४९, टिळक रोडला एका सीएंच्या ऑफिसात अकाउंट्स बघते. पेटी लहानपणापासून, गांधर्वच्या मध्यमा पूर्णपर्यंत परीक्षा दिल्या आणि मग लग्न, पोरगं, मार्च एंड यात जे राहिलं ते राहिलंच. लॉकडाऊनमध्ये मुलाने हट्टाने कीबोर्ड घेतला, दोन महिने वाजवला, त्यानंतर तीन वर्षं त्याच्यावर इस्त्रीचे कपडे. एक दिवस वैतागून म्हटलं विकून टाकते, तर म्हणाला, 'आई, तूच वाजव ना, तुला येतंच की.' येतंच की! पेटी येते म्हणजे पियानो येतो असं ज्यांना वाटतं त्यांच्यासाठी हा रिव्ह्यू खास.

याआधी एका क्लासमध्ये पैसे घालवून झालेत, तेही सांगते, नाव घेत नाही. 'चार कॉर्डमध्ये शंभर गाणी' अशी जाहिरात (कॉर्ड म्हणजे एकदम दाबायचे तीन-चार स्वर), सहा महिन्यांचं पॅकेज, सगळी फी आधी. शिकवायला कॉलेजातला एक मुलगा, तो मोबाईलवर व्हिडिओ लावून द्यायचा आणि शेजारच्या खोलीत गिटारच्या बॅचकडे जायचा. पाचव्या आठवड्यात मी विचारलं की ही चार कॉर्ड एकामागे एक अशीच का येतात, तर म्हणाला, 'मॅम, ते साउंड चांगलं येतं म्हणून.' सोडला क्लास. रिफंड मागितला तर पावतीच्या मागचं बारीक अक्षर दाखवलं. अकाउंट्सवाल्या बाईला बारीक अक्षर दाखवताय, पण असो, होतं खरं तिथे.

आताचे सर सत्तरीच्या आसपासचे. दुसऱ्या मजल्यावर फ्लॅट, लिफ्ट नाही, पुढच्या खोलीत जुना अपराइट, म्हणजे उभा, पियानो आणि दोन डिजिटल. पियानोच्या झाकणावर कागद चिकटवलाय, 'हा पियानो आहे, टीपॉय नाही.' पावसाळ्यात आत झिरोचा बल्ब लावून ठेवतात, दमट हवेने लाकूड फुगतं आणि पट्ट्या चिकटतात म्हणून. तरी जुलैत मधला एक 'म' खाली गेला की वर यायचं नाव घेत नाही, त्याला बोटाने उचलावं लागतं. बॅच चार जणांची, दीड तास, महिन्याला चार वेळा, फी ३,२०० रुपये, महिना संपल्यावर द्यायची, आधी नाही. हे शेवटचं मला फार आवडलं.

पहिल्या दिवशी मी छान तयारीने गेले होते, एक अभंग उजव्या हाताने झक्कास वाजवून दाखवला. सर ऐकत होते, पण बघत होते माझ्या डाव्या हाताकडे. मग म्हणाले, 'ताई, भाता थांबवा.' मी बघते तर माझा डावा हात हवेत पुढेमागे चाललाय! पस्तीस वर्षं त्या हाताने भाताच मारला, स्वर कधी वाजवलाच नाही. पेटीवाल्यांनो, हे नीट समजून घ्या, आपण अर्धेच वादक असतो. पुढचे दोन महिने सरांनी मला उजवा हात मांडीवर ठेवायला लावून फक्त डावा वाजवायला लावला, आणि तो इतका बावळट होता की बॅचमधला बारावीचा मुलगा तोंड फिरवून हसायचा.

दुसरं म्हणजे टाळी. आपण भजनाला एक आणि तीनवर टाळी देतो, बघा, हात आपोआप जातो. इथे मेट्रोनोम, म्हणजे लयीची टिकटिक करणारं यंत्र, लावतात तो दोन आणि चारवर. म्हणजे टिक वाजली की ती 'दोन' समजायची, 'एक' तुमच्या पोटात. पहिल्या आठवड्यात प्रत्येक वेळी तिसऱ्या ओळीपर्यंत जाऊन माझं एक-दोन उलटं व्हायचं, टिकटिक आपली चालू आणि मी समेवर एकटीच. सात आठवडे लागले. आता कूकरची शिट्टी पण दोनवर ऐकू येते.

आता मुख्य. हे सर स्वतःचं काही शिकवत नाहीत, ते शिकवतात बॅरी हॅरिस. मला हे नाव माहीत नव्हतं, तुम्हालाही नसेल, पण या क्लासचे पैसे कशाचे आहेत हे कळायला तो माणूस कळावा लागतो. अमेरिकेतल्या डेट्रॉइटचा जॅझ पियानिस्ट, जन्म १५ डिसेंबर १९२९. आई चर्चमध्ये पियानो वाजवायची, तीच पहिली गुरू. सॅक्सोफोनवाला चार्ली पार्कर आणि पियानोवाला बड पॉवेल यांचं बीबॉप, म्हणजे १९४० च्या दशकातलं वेगवान जॅझ, वाजवणारा, आणि विशीतच घरी पोरं जमवून शिकवायला सुरुवात केलेला. पॉल चेंबर्स, जो हेंडरसन असे पुढे मोठे झालेले लोक त्या घरी येऊन गेलेत. १९५६ साली ड्रमर मॅक्स रोचच्या बँडमधले ट्रम्पेटवाला क्लिफर्ड ब्राउन आणि पियानोवाला रिची पॉवेल कार अपघातात गेले, तेव्हा त्या पियानोवर काही काळ हा बसला. १९६० मध्ये सॅक्सोफोनवाल्या कॅननबॉल ॲडर्लीबरोबर न्यूयॉर्कला आला, नंतर सॅक्सोफोनवाले कोलमन हॉकिन्स १९६९ मध्ये वारले तोवर त्यांच्या साथीला. ट्रम्पेटवाल्या ली मॉर्गनच्या 'द साइडवाइंडर' या गाजलेल्या रेकॉर्डवर पियानो याचाच आहे. म्हणजे वाजवून नाव काढायला कुठे कमी नव्हता, स्वतःच्या रचना होत्या, स्वतःच्या रेकॉर्ड होत्या. थेलोनियस मंक हा मोठा पियानिस्ट शेवटची वर्षं न्यू जर्सीतल्या वीहॉकन इथे ज्या घरात राहिला त्याच घरात हाही राहायचा, ते घर जॅझवाल्यांची मायमाउली असलेल्या एका बॅरोनेसचं.

पण हा माणूस लक्षात राहिला तो मास्तर म्हणून. १९८२ मध्ये न्यूयॉर्कला जॅझ कल्चरल थिएटर नावाची जागा काढली, ती १९८७ मध्ये बंद पडली, क्लास मात्र बंद पडला नाही. दर आठवड्याला, वर्षानुवर्षं, कोणीही यावं, आधी पियानोवाले मग गाणारे मग बाकीचे, नवशिका आणि मुरलेला एकाच खोलीत. कोविडमध्ये नव्वदी गाठलेला हा गृहस्थ झूमवर शिकवत होता आणि आमचे सर इथे एरंडवण्यात रात्री जागून त्याला बसायचे, बायको ओरडायची म्हणे. ८ डिसेंबर २०२१ ला तो गेला, कोविडमुळेच, ब्याण्णव पूर्ण व्हायला एक आठवडा होता. सर हे सांगतात तेव्हा खोलीत पंख्याचाच आवाज असतो.

शिकवण्याची पद्धत अगदी आपल्या तालमीची, आणि मी त्यातच अडकले. नोटेशन नाही, झेरॉक्स नाही. सर एक ओळ गाणार, आपण गायची, मग वाजवायची, मग पुढची. गाता आली नाही तर वाजवायची नाही. बॅरी हॅरिस पण वर्गात असंच करायचा, तोंडाने ओळ द्यायचा आणि सगळ्या खोलीने ती उचलायची, नेदरलँड्समधल्या हेगच्या कॉन्झर्व्हेटरीतल्या, म्हणजे संगीत कॉलेजातल्या, वर्कशॉपचे व्हिडिओ यूट्यूबवर आहेत, जाऊन बघा, आवाज बंद करून बघितलंत तर हा कोणी बुवा आहे आणि समोर शिष्य बसलेत असंच वाटेल.

एकच उदाहरण देते म्हणजे 'मनाला येईल ते' हा गैरसमज जाईल. खमाज थाटाचे स्वर घ्या, कोमल नी. वरच्या सा पासून खाली उतरा, एका मात्रेत दोन स्वर. स्वर सात, आणि चार मात्रांत जागा आठ. एक जागा उरते, मग पुढची ओळ सुरू होताना सा भलत्याच ठिकाणी पडतो, समेचा सत्यानाश. उपाय काय, तर सा आणि कोमल नी यांच्या मध्ये शुद्ध नी पाहुणा घ्यायचा. सा नी, कोमल नी ध, प म, ग रे, आणि पुन्हा सा बरोब्बर समेवर. आणि गंमत बघा, मात्रेवर कोण पडलं? सा, कोमल नी, प, ग, म्हणजे त्या कॉर्डचेच चार स्वर. बाकीचे मधल्या अर्ध्या मात्रेवर. त्यामुळे तुम्ही कितीही जोरात पळालात तरी ऐकणाऱ्याला कॉर्ड कळत राहतो. मी हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा माझं बोट शुद्ध नी वर जायलाच तयार नव्हतं, डोक्यात देस राग बसलेला, चढताना शुद्ध उतरताना कोमल. सर म्हणाले, 'देस घरी ठेवून या.' बाकी कुठल्या स्वरापासून सुरुवात केली तर किती पाहुणे घ्यायचे याचेही नियम आहेत, ते पाढ्यासारखे पाठ करावे लागतात.

आणि ज्याच्यासाठी बॅरी हॅरिस जगभर ओळखला जातो ती सिक्स्थ डिमिनिश्ड स्केल. सा रे ग म प, मग कोमल ध, लगेच शुद्ध ध, नी. आठ स्वर. दोन धैवत लागोपाठ, ललितमध्ये दोन मध्यम येतात तसे. आता एक सोडून एक उचला, सा ग प ध हा झाला घरचा कॉर्ड. उरलेले रे म कोमल ध नी, हा झाला घराबाहेर पडलेला. स्केल चढत जायची आणि प्रत्येक स्वराखाली ज्याच्या त्याच्या घरातले बाकीचे तीन धरायचे, की घर, बाहेर, घर, बाहेर असं आपोआप होतं. मला हे एका गुरुवारी कळलं. वाजवत होते, साडेसात वाजता लाइट गेली, पुण्यात गुरुवार म्हणजे ते धरूनच चालायचं, दोन्ही डिजिटल बंद. सर अंधारातच म्हणाले, 'अपराइटवर या, ताई.' पट्ट्या दिसत नव्हत्या, चाचपून सा धरला आणि हळूहळू चढत गेले, आणि पहिल्यांदा डावा हात उजव्याच्या आधी पोचला. खालच्या मजल्यावर कोणीतरी बॅटरी घेऊन जिन्यात थांबलं होतं, नंतर कळलं ते ऐकत होते. त्या दिवशी मी कॉर्ड 'पाठ' केला नाही, तो हाताला सापडला.

अजून एक, ते सगळ्यात लाडकं. बारा स्वरांतून आधी दोन होल टोन स्केल, म्हणजे एक सोडून एक घेतलेले सहा-सहा स्वर, निघतात, ते नवराबायको. त्यांची तीन मुलं, म्हणजे तीन डिमिनिश्ड कॉर्ड, प्रत्येकात दोन स्वर बापाकडचे दोन आईकडचे. आणि त्या प्रत्येक मुलाचा एकेक स्वर अर्ध्याने खाली ओढला की चार चार डॉमिनंट कॉर्ड (घराकडे ओढणारे), म्हणजे तीन चोक बारा. आधीच्या क्लासमध्ये मी विचारलेलं ना की कॉर्ड एकामागे एक असेच का येतात, त्याचं उत्तर या कुटुंबात मिळालं, पॅकेजमध्ये नव्हतं.

आता तक्रारी, कारण त्याही आहेत. पार्किंग शून्य, गाडी म्हात्रे पुलाच्या अलीकडे लावून चालत या. सर वेळेवर सुरू करतात पण विषयावर राहतील याची गॅरंटी नाही, एकदा बिली टेलरवर घसरले आणि पाऊण तास गेला. म्हणजे गोष्ट भारी होती, बिली टेलर पियानिस्ट, कंपोझर, त्याने १९६४ मध्ये हार्लेममध्ये जॅझमोबाइल सुरू केलं, फिरतं स्टेज घेऊन गल्लीगल्लीत बँड न्यायचा, आपल्या विसर्जनाच्या ट्रकसारखं, फक्त ट्रकवर खरे वादक. पण माझे पाऊण तासाचे चारशे रुपये त्यात गेले हो. मी एकदा चिडून विचारलं की तुमच्या सगळ्या गोष्टी पुरुषांच्याच कशा, तर पुढच्या गुरुवारी मेरी लू विल्यम्स घेऊन आले. जन्म १९१०, हार्लेममधल्या तिच्या घरी मंक आणि बड पॉवेल यायचे, ही त्यांच्याहून सीनियर, त्यांना चार गोष्टी सांगणारी, आणि शेवटची वर्षं, १९७७ ते १९८१, ड्यूक युनिव्हर्सिटीत शिकवत होती. त्या दिवशी पाऊण तास गेला त्याचं मला काही वाटलं नाही, खोटं कशाला बोला.

मोठी तक्रार मात्र ही, की गाणं फार उशिरा येतं. पहिले पाच महिने एकही अख्खं गाणं नाही. बॅचमधली एक मुलगी तिसऱ्या महिन्यात सोडून गेली, तिला भावाच्या संगीतला दोन गाणी वाजवायची होती, तिचं काही चुकलं नाही. ग्रेडच्या परीक्षा द्यायच्या असतील तरी हा क्लास तुमच्यासाठी नाही, डोरियन, मिक्सोलिडियन अशी स्केलची पुस्तकी नावं काढली की सर औषध घेतल्यासारखं तोंड करतात आणि परीक्षेत नेमके तेच विचारतात. बीबॉपच्या नंतरचं काहीही त्यांना फारसं पटत नाही. मला वाटतं हा हट्ट त्यांनी गुरूकडूनच उचललाय, पण गुरूला तो शोभत होता कारण तो त्या काळात स्वतः तिथे वाजवत होता, पुण्यात बसून साठ-पासष्ट वर्षांचं संगीत एका वाक्यात निकालात काढणं जरा जास्तच होतं. बारावीचा मुलगा हर्बी हॅनकॉक या बीबॉपनंतरच्या पियानिस्टचं वाजवतो तेव्हा मला तर छानच वाटतं. रेकॉर्डिंग करू देतात, पण वहीत लिहू देत नाहीत, मी गुपचूप रिक्षात बसून सरगममध्ये लिहून काढते. त्या वहीचं त्यांना माहीत नाही, आता कळेल.

घरचं पण सांगते, कारण बायकांना ते विचारायचं असतंच. सासूबाई पहिल्या महिन्यात 'हे बारमधलं काय लावलंय' म्हणायच्या. मग एक दिवस मी स्विंगचा, म्हणजे जॅझच्या झुलत्या लयीचा, डावा हात घोटत होते तर आतून आवाज आला, 'अगं हे तर चितळकरांचं वाटतंय.' बरोबरच ऐकलं त्यांनी. चितळकर म्हणजे सी. रामचंद्र, त्यांच्या गाण्यांत चिक चॉकलेटसारखे गोव्याचे जॅझवाले वाजवायचे, आणि त्याच्याही आधी १९३० च्या दशकात मुंबईच्या ताजमध्ये टेडी वेदरफर्ड हा शिकागोत नाव कमावलेला पियानिस्ट होता, तो पुढे कलकत्त्याला गेला आणि १९४५ मध्ये तिथेच कॉलऱ्याने वारला. तर आपल्या कानांवर हे सगळं कधीचंच पडून गेलंय, फक्त नाव वेगळं होतं. सासूबाई आता दोन आणि चारवर टाळी देतात, माझ्यापेक्षा लवकर जमलं त्यांना.

क्लास लावायचा असेल तर तयारी काय, तर घरी किमान ६१ पट्ट्यांचा कीबोर्ड हवा, शक्य असेल तर ८८ जड पट्ट्यांचा सेकंडहँड बघा, माझ्या हलक्या कीबोर्डवरून अपराइटवर आलं की बोटं थकतात. पॅडल वेगळं घ्यावं लागतं. रोज अर्धा तास तरी, नाहीतर सरांना पहिल्या ओळीत कळतं. गळा चांगला नसला तरी चालतो, लाज मात्र सोडावी लागते. पेटीचा फायदा एकच आणि तो मोठा आहे, आपल्याला काळी एक, पांढरी चार असं सा हलवायची सवय असते, बाकीच्यांना बारा पट्ट्यांत तीच ओळ वाजवताना घाम फुटतो. फक्त इथे सा एका गाण्यात दहादा हलतो, त्याची सवय व्हायला वेळ द्या.

पाचपैकी चार देते. एक कापला तो पार्किंगचा नाही, त्या सोडून गेलेल्या मुलीचा, तिला पहिल्याच दिवशी स्पष्ट सांगायला हवं होतं की गाणं मिळणार नाही. मी अकराव्या महिन्यात एक अख्खं बॅलड, म्हणजे संथ गाणं, दोन्ही हातांनी वाजवते, हळू, आणि मधल्या आठ ओळी दर वेळी थोड्या वेगळ्या होतात, माझ्या मनाने, पण आता का झाल्या ते सांगता येतं. बुधवारच्या बॅचमधला एक जण शिकायला जर्मनीला चाललाय त्यामुळे एक जागा होणार होती. ती माझ्या नणदेने धरलीय.